एक मात्रा, एक वीत

"ही रंगपंचमीची रहाड झाली. उडी मारायची, रंगून वर यायचं. गाणं राहिलं बाजूला!" नॉर्मन मॅक्लॅरनच्या 'बिगॉन डल केअर' या लघुपटावर मामांनी दिलेला हा निकाल. रहाड म्हणजे काय हे नाशिककरांना सांगायला नको. बाहेरच्यांसाठी एवढंच, की जुन्या नाशकात जमिनीखाली दगडी हौद आहेत, ते वर्षभर बुजवलेले असतात आणि रंगपंचमीला उघडून रंगाने भरले की माणसं त्यात धपाधप उड्या घेतात. भाचीला हा निकाल मान्य नव्हता. ती पुण्याला अ‍ॅनिमेशन शिकून आलेली. मामा नाशिकरोडच्या सिक्युरिटी प्रेसमधून निवृत्त झालेले. आयुष्यभर छपाईत भिंग लावून रंगांची जुळणी पाहिली आणि संध्याकाळी तबला वाजवला. मी शेजारी, चहाचा हक्कदार. वाद एका बैठकीत संपला नाही. इथे तो सलग मांडला आहे, मध्ये माझीही मतं घुसडली आहेत.

आधी त्या लघुपटाबद्दल. कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डाने १९४९ साली काढलेला, जेमतेम आठ मिनिटांचा. त्याच्या घडणीत कॅमेऱ्याला जवळजवळ कामच नाही. मॅक्लॅरन आणि त्याची सहकारी एव्हलिन लँबार्ट यांनी ३५ मिलिमीटरच्या फिल्मवर थेट रंग लावले, सुईने खरवडलं, ओल्या रंगावर जाळीदार कापड दाबलं, रंग सुकताना पडलेल्या भेगा आणि वर बसलेली धूळसुद्धा वापरून घेतली. संगीत ऑस्कर पीटरसनच्या त्रिकुटाचं: पियानोवर तो स्वतः, बासवर ऑस्टिन रॉबर्ट्स, ड्रमवर क्लॅरेन्स जोन्स. आधी जलद, मग संथ, शेवटी पुन्हा असा जलद की पडद्यावर काय चाललंय ते डोळ्याला पुरतं कळत नाही.

मामा: गाणं ऐकताना आपण डोळे का मिटतो? दिसणारं मध्ये येऊ नये म्हणून. हा तुझा मॅक्लॅरन पापण्या धरून ठेवतो आणि म्हणतो, बघ, इथे पियानो तांबडा आहे. मला नाही तो तांबडा वाटत.

भाची: तो तसं म्हणतच नाही मामा. पियानो म्हणजे तांबडा, ड्रम म्हणजे काळा असा कोष्टकाचा कारभार नाहीये तिथे. तेच वाद्य कधी ठिपक्यांतून येतं, कधी रेघांतून, कधी येतच नाही.

मामा: मग तर आणखीच वाईट. नियमही नाही आणि निमित्तही नाही. आपल्याकडे रागमाला चित्रं आहेत, दख्खनेतही चारशे वर्षांपूर्वी काढलेली आहेत. तोडीच्या चित्रात वीणा घेतलेली बाई आणि भोवती हरणं. चित्र सुरेखच. पण आजवर तोडी ऐकताना मला एकदाही हरीण दिसलेलं नाही.

भाची: म्हणजे तुम्ही माझीच बाजू मांडताय. रागमाला काढणाऱ्याने सूर मोजले नाहीत, त्याने रागाभोवती एक प्रसंग उभा केला. मॅक्लॅरन प्रसंग उभा करत नाही, तो वेळेवर काम करतो. आणि तयार गाण्यावर रंग फासलेत असंही नाही. पीटरसन मॉन्ट्रियलचाच. मॅक्लॅरनने त्याला तिथल्या क्लबात ऐकलं, मग दोघं मिळून बसले. पीटरसन वाजवून दाखवायचा, मॅक्लॅरन सांगायचा की इथे मला चढत जाणारं काहीतरी हवंय, इथे जरा मोकळी जागा सोड. संगीत चित्राकडे बघून वळलंय.

मामा: म्हणजे तबलजीने गवयाला सांगितलं, बुवा, इथे तान घ्या!

भाची: तुम्ही सांगत नाही? तोंडाने नसेल, डोळ्यांनी?

मामा हसले. हा मुद्दा तिला मिळाला, असं मी मनात नोंदवून ठेवलं.

खरी गंमत आली ती मापांवरून. भाचीने पिशवीतून फिल्मचा एक तुकडा काढून टेबलावर अंथरला. चित्रपटगृहं डिजिटल झाली तशी रिळं भंगारात गेली. त्यातलंच एक तिला जुन्या बाजारात मिळालं होतं, आणि त्याच्या टोकाला असलेला काळा कोरा पट्टा तिने कापून घेतला होता. ३५ मिलिमीटरच्या फिल्ममध्ये एका फुटात १६ चौकटी बसतात. पडद्यावर सेकंदाला २४ चौकटी जातात. मिनिटाला १२० मात्रांची लय धरली, म्हणजे जरा चढी मध्यलय, तर एका मात्रेला १२ चौकटी येतात. बारा चौकटींची लांबी नऊ इंच. मामांनी सवयीने पंजा पसरून पट्ट्यावर ठेवला. अंगठ्यापासून करंगळीपर्यंत बरोबर एक मात्रा भरली. वीत बारा अंगुळांची असते, तेव्हा एक चौकट म्हणजे एक बोट. तीनतालाचं एक आवर्तन सोळा वितींचं, बारा फूट. मामांच्या दिवाणखान्याची लांबी त्याला पुरली नसती.

मामा: हे मला कुणी आधी का नाही सांगितलं?

भाची: आता जॅझचा स्विंग बघा. एका मात्रेचे दोन भाग करायचे, पण सारखे नाहीत. सहा-सहा चौकटी केल्या तर कवायत होते. पहिला लांब, दुसरा आखूड. ढोबळ हिशेबाने आठ आणि चार.

मामा: (बोटं मोजत) आठ बोटं, चार बोटं. धाऽऽ धिं, धाऽऽ धिं. दादऱ्यात लग्गी लावताना असंच झुलतं की. पण थांब, तुझं गणित इथेच फसतं. लय चढली की तो झोका आठ-चारचा राहत नाही. सात-पाच होतो, आणखी चढली की जवळजवळ सारखा होतो. आणि ते सात-पाचसुद्धा खरं नव्हे. वाजवणाऱ्याचा हात त्याच्याही अधेमध्ये कुठेतरी पडतो. तुझ्या एका चौकटीत किती वेळ मावतो?

भाची: सेकंदाचा चोविसावा हिस्सा.

मामा: त्या चोविसाव्या हिश्श्याच्या आत माणूस ओळखू येतो, बाळ. तोच ठेका दोन तबलजींनी वाजवला तर फरक तेवढ्यातच असतो. तो तुझ्या फिल्मला दिसणारच नाही. तिथे तुझी जाळीच मोठी पडते.

भाची: म्हणूनच मॅक्लॅरन चौकट मानत नाही! जलद भागात त्याने चौकटीचौकटीने चित्रं काढलेली नाहीत. लांबच लांब पट्टा टेबलावर पसरून चौकटींच्या हद्दी ओलांडत रंग ओढलाय. कुठे कापायचं ते प्रोजेक्टर ठरवतो.

मामा: मग लय प्रोजेक्टरची झाली. मॅक्लॅरनची कुठे राहिली?

यावर भाचीकडे उत्तर होतं, पण मला ते तितकंसं पटलं नाही. तिचं म्हणणं, वाद्यालाही स्वतःचा हट्ट असतोच आणि पियानोची पट्टी दाबल्यावर हातोडी पडायला वेळ लागतोच. माझ्या मते मामांचा आक्षेप त्याहून खोल आहे. मिखाल लेव्हीचा २००१ चा 'जायंट स्टेप्स' हा लघुपट पाहिला की तो समजतो. जॉन कोल्ट्रेनच्या त्या गाजलेल्या रचनेतले सूर इथे इमारतीचे खांब, जिने, मजले होऊन उभे राहतात. काम नेटकं आहे आणि रचनेचा सांगाडा समजायला उपयोगी आहे. पण कोल्ट्रेनचं १९५९ चं ध्वनिमुद्रण मिनिटाला तीनशे मात्रांच्या आसपास धावतं, एका मात्रेला जेमतेम पाच बोटं मिळतात, आणि त्या पाच बोटांत लेव्हीच्या विटा इतक्या अचूक बसतात की जीव गुदमरावा. त्याच मुद्रणात कोल्ट्रेननंतर पियानिस्ट टॉमी फ्लॅनगनची पाळी येते. त्या अनोळखी चालीवर तो चाचपडतो, वाक्यं तुटतात, जागा सुटतात. मामांना सगळ्यात आवडतं ते तेच. "त्या चाचपडण्याचं चित्र काढून दाखव, मग तुला मानतो," असं ते भाचीला म्हणाले. तिने वहीत काहीतरी टिपून घेतलं.

मामांना या प्रकारातला एकच लघुपट मनापासून आवडतो, 'जॅमिन द ब्लूज'. वॉर्नर ब्रदर्सचा, १९४४ चा, दहा मिनिटांचा. दिग्दर्शक ग्यॉन मिली हा 'लाइफ' मासिकाचा छायाचित्रकार. सुरुवातीला काळ्या पडद्यावर दोन गोल दिसतात, एकात एक. काय आहे ते कळत नाही. मग ते गोल हलतात, वर उचलले जातात, आणि ती लेस्टर यंगची टोपी निघते. खाली त्याचा चेहरा, सॅक्सोफोन, सिगारेटचा धूर. बाकी सेट नाही, क्लब नाही, टाळ्या वाजवणारे लोक नाहीत.

मामा: याला म्हणतात दाखवणं. वाजवणारा दाखव, त्याचे गाल दाखव, बोटं दाखव, तो दुसऱ्याचं ऐकत कसा उभा राहतो ते दाखव. सूर कुठून येतो हे दिसलं की झालं. रंगाची गरज काय?

भाची: दिसतं ते खरं आहे असं वाटतं तुम्हाला?

मामा: समोर माणूस फुंकतोय, खोटं काय त्यात?

भाची: संगीत आधी मुद्रित करून घेतलं होतं. चित्रीकरणाच्या वेळी सगळे प्लेबॅकवर वाजवल्याचा अभिनय करतायत. तुमचा लेस्टर यंगसुद्धा. आणि तो गिटारवाला बार्नी केसल आठवतो?

मामा: अंधारात असतो तो.

भाची: अंधारात ठेवलाय. सगळ्यांत तो एकटा गोरा. काळे-गोरे एकत्र वाजवताना दिसले तर अमेरिकेच्या दक्षिणेतली थिएटरं लघुपट लावणार नाहीत, ही स्टुडिओची धास्ती. म्हणून त्याच्यावर सावली, आणि हात जवळून दिसायचे म्हणून ते फळांच्या रसाने रंगवले, असं सांगतात. रंग तिथेही लावलाच मामा, फक्त फिल्मवर न लावता माणसाच्या कातडीवर लावला.

मामा गप्प झाले. पटल्यावर गप्प होणं वेगळं, दुखल्यावर गप्प होणं वेगळं. हे दुसरं होतं. थोड्या वेळाने ते म्हणाले, "तरी त्या टोपीचं काय ते सांग. टोपी खोटी नव्हती." ते मात्र खरं. त्या दोन गोलांचं टोपीत रूपांतर होतं तिथे मिलीने जे केलंय ते वाजवणाऱ्याचं दर्शन तर आहेच, वर अमूर्त चित्रही आहे. दोघांनाही तो क्षण आपापल्या बाजूचा वाटतो, आणि तसा तो आहेही.

मग गाडी घरच्या वाटेला लागली. गोदावरी नाशकातून खाली पुणतांब्याला जाते. त्या पुणतांब्यात १९१८ साली जन्मलेले रामचंद्र चितळकर, म्हणजे सी. रामचंद्र, यांनी मुंबईतल्या गोव्याच्या वादकांना हाताशी धरून जॅझ हिंदी चित्रपटात आणला. 'अलबेला' (१९५१) मध्ये त्यांच्यासोबत ट्रम्पेटवाला चिक चॉकलेट होता. हा अंतोनियो झेवियर वाझ, मूळचा गोव्याचा, आणि त्याच्या वाद्यवृंदासह तो त्या चित्रपटात पडद्यावरही दिसतो.

मामा: आणि नाचतंय कोण? मास्टर भगवान. भगवान आबाजी पालव! तुझ्या त्या सगळ्या रेघा एका बाजूला आणि भगवानदादांचं पाऊल दुसऱ्या बाजूला. ते पाऊल मात्रेवर पडत नाही बघ, मात्रा पडून गेल्यावर अंमळ सावकाश पोचतं, जसं काही त्यांना घाईच नाही. जॅझ डोळ्यांना दाखवायचा तर तो असा. त्याला प्रायोगिक कुणी म्हणालं नाही, लोकांनी पैसे देऊन पाहिला.

भाची: मला आवडतात भगवानदादा. पण तिथे नायिका आहे, सेट आहे, गाण्याचे शब्द आहेत. चित्र सूर दाखवतंय की गोष्ट पुढे ढकलतंय ते कळत नाही.

मामा: कळायलाच पाहिजे असं कुठे लिहिलंय?

इथे माझं मत मामांच्या पारड्यात. मराठी माणसाने जॅझला दिलेलं सर्वांत सुंदर दृश्यरूप कोणतं, असं कुणी विचारलं तर मीही भगवानदादांची ती सैल पावलंच सांगेन. पण भाचीला जे हवंय ते त्याने भागत नाही, हेही मला दिसत होतं.

मामांचा खरा हुकमी मुद्दा होता उपजेचा. तो त्यांनी राखून ठेवला होता.

मामा: जॅझचा जीव कशात आहे? उपजेत. आज वाजवलं ते उद्या नाही. आणि फिल्म? आज लावा, दहा वर्षांनी लावा, तीच रेघ त्याच जागी. जिवंत गोष्टीचं तू मेलेलं चित्र काढतेस.

भाची: रेकॉर्डही तीच राहते. कोल्ट्रेनच्या तबकडीतला एक सूर इतक्या वर्षांत बदलला का?

मामा: रेकॉर्ड ही नाइलाजाची गोष्ट. पण ती होत असताना त्या माणसाला पुढचा सूर ठाऊक नव्हता.

भाची: फिल्मवर खरवडलेलं पुसता येत नाही. सुई घसरली तर पुढच्या चौकटीत ती घसरण निभावून न्यायची. हीही उपजच.

मामा: पण त्यांनी आधी संगीत मोजलं होतं ना? कुठल्या चौकटीला कुठला ठोका ते लिहून ठेवलं होतं ना? मग पुढचं ठाऊक होतं. ती उपज नव्हे, ते कोरीवकाम. वाईट म्हणत नाही मी, आयुष्य त्यातच गेलं माझं. पण त्याला उपज म्हणू नकोस.

भाची उठून आत गेली. मला वाटलं, रागावली. ती पाणी पिऊन आली आणि म्हणाली, "मग उलटं करू. चित्र ठरलेलं आणि वाजवणारा मोकळा."

आणि हे उलटं तर आपल्या गावाला जुनंच ठाऊक आहे. त्र्यंबकेश्वरी १८७० साली जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांनी 'राजा हरिश्चंद्र' काढण्याआधी कुंडीतल्या वाटाण्याचं रोप वाढताना एकेक चौकट टिपून 'अंकुराची वाढ' हा छोटा प्रयोग केला. दिवसांचा वेळ क्षणांत गोळा केलेला. पुढे १९१३ मध्येच ते कारखाना घेऊन नाशकाला आले आणि इथेच १९४४ साली गेले. त्या मूकपटांच्या काळात पडद्याशेजारी पेटी-तबलावाले बसत. चित्र रोज तेच, साथ रोज नवी. कुठे राक्षस येतो हे तबलजीला दुसऱ्या दिवसापासून पाठ, पण त्याच्यासाठी बोल कोणते वाजवायचे ते त्याच्या मर्जीवर.

मामा: हे बरोबर! हे मला मान्य.

भाची: मग माइल्स डेव्हिसही मान्य करा. डिसेंबर १९५७, पॅरिस. लुई माल या दिग्दर्शकाचा एक थरारपट तयार आहे. माइल्स आणि चार सोबती रात्री स्टुडिओत पडद्यासमोर उभे राहतात, दृश्यं फिरवून फिरवून दाखवली जातात आणि ते बघत बघत वाजवतात. हातात लिहिलेलं फारसं काही नाही. पडद्यावर एक बाई रात्रीच्या रस्त्यावरून चालतेय आणि ट्रम्पेट तिच्या मागून जातोय.

मामा: मागून जातो की सोबत जातो?

हा प्रश्न त्यांनी सहज विचारला, पण माझ्या दृष्टीने सगळा वाद तिथे येऊन ठेपला. चांगला साथीदार गवयाची नक्कल करत नाही. पेटीवाला प्रत्येक तान जशीच्या तशी उचलत गेला तर मैफल चिकट होते, आणि गवयाला विसरून आपलंच वाजवू लागला तर तिचा विचका होतो. लेव्हीच्या इमारती नक्कल करतात. मॅक्लॅरनचा मधला संथ भाग, जिथे काळ्यावर फक्त काही उभ्या पांढऱ्या रेघा कापत हलतात, तो साथ करतो: बरेच सूर तो सोडून देतो आणि मोजकेच उचलतो. लघुपटाला रहाड म्हणून थट्टा करणारे मामा त्या भागात एक शब्द बोलले नव्हते. भाचीला मात्र माझा 'साथ' हा शब्द आवडला नाही. "साथ म्हणजे चित्र कायम दुय्यम. मला जुगलबंदी हवीय," असं तिने मला सुनावलं. तिने मग शर्ली क्लार्कचा 'ब्रिजेस-गो-राउंड' लावला.

१९५८ चा हा लघुपट चार मिनिटांचा. न्यूयॉर्कचे पूल एकमेकांवर छापलेले, गरगर फिरणारे, सरकणारे, रंग बदलणारे. पण चमत्कार असा की त्याला दोन वेगवेगळी संगीतं आहेत आणि बहुधा तो लागोपाठ दोनदा दाखवतात. एकदा टिओ मासेरोचा जॅझ. हाच मासेरो पुढे माइल्स डेव्हिसच्या तबकड्यांचा निर्माता झाला. दुसऱ्यांदा लुई आणि बेबी बॅरन या जोडप्याचे इलेक्ट्रॉनिक आवाज. चित्र तेच, एका चौकटीचाही फरक नाही.

भाची: काय वाटलं?

मामा: पहिल्यांदा पूल नाचत होते. दुसऱ्यांदा भीती वाटली. पूल कोसळणार असं वाटलं.

भाची: पूल तेच आहेत.

मामा: म्हणजे बघ, संगीतच राजा. चित्राला स्वतःचं काही म्हणणंच नाही, जो येईल त्याचं ऐकतं.

भाची: किंवा चित्रात दोन्ही होतं, आणि संगीताने एकदा हे बाहेर काढलं, एकदा ते.

कोण बरोबर? मला अजून ठरवता आलेलं नाही. भाचीने मग आणखी एक डाव टाकला. अकबर पदमसी या चित्रकाराने १९६९-७० च्या सुमारास मुंबईत नेपियन सी रोडवर इतर कलावंतांसह एक कार्यशाळा चालवली होती. तिथे त्याने 'सिझिजी' नावाचा लघुपट केला: नुसत्या रेघा, बिंदू, आकार, आणि आवाज अजिबात नाही. तिने तो लावला आणि मामांच्या हाताकडे बघत बसली. थोड्या वेळात मामांची बोटं खुर्चीच्या हातावर पडू लागली.

भाची: कुठला ताल?

मामा: (हात मागे घेत) सवय आहे ती. मी भिंतीकडे बघतानासुद्धा वाजवतो.

फिल्म्स डिव्हिजनमध्ये प्रमोद पतींनी त्याच सुमारास 'एक्सप्लोरर' (१९६८) आणि 'ट्रिप' (१९७०) असे धडाकेबाज प्रयोग केले, तेही सरकारी पैशाने, हे तिने सांगितलं. तेव्हा मामांनी कबूल केलं की मुख्य चित्रपटाआधी फिल्म्स डिव्हिजनची रिळं लागत तेव्हा ते बाहेर शेंगदाणे खात असत. "त्यात असलं काही दाखवतात हे पोस्टरवर लिहायला काय झालं होतं?"

अंधार पडू लागला तसा मामांनी तो टेबलावरचा काळा पट्टा दिव्याखाली ओढला आणि खिशातून जुनं भिंग काढलं. भाचीने त्यावर कंपासातल्या कर्कटकाच्या टोकाने काही रेघा आधीच काढून ठेवल्या होत्या. रंगीत फिल्मवर रंगांचे थर एकावर एक असतात. वरचा किरमिजी थर निघाला की हिरवं दिसतं, आणखी खाली गेलं की पिवळं, पार तळाला गेलं की पांढरं स्वच्छ. भाचीच्या रेघा सगळ्या पांढऱ्या होत्या.

मामा: दाब फार देतेस. हे सगळं तळापर्यंत खणलंयस. कर्कटक आण इकडे. असं तिरकं धर. मनगट टेकवायचं नाही, करंगळी टेकवायची. हे बघ.

एक बारीक हिरवी रेघ उमटली, पुढे तीच पिवळी होत गेली, शेवटी पांढरी होऊन थांबली. भाची भिंगातून बघत राहिली. मग तिने पंजा पसरून पट्टा मोजला.

भाची: मामा, सम इथे आहे. तुम्ही दोन बोटं आधीच संपवलंत.

मामा: मुद्दाम. समेच्या आधी थांबायचं, मग ऐकणारा स्वतः सम टाकतो.

भाची: पण हे ऐकायचं नाहीये, बघायचंय.

मामा: मग बघणारा टाकेल. आणि तू गाणं कुठे ठरवलंयस अजून? सम तरी कशाची?

भाची: आधी पूर्ण आवर्तन खरवडा. गाणी दोन लावून बघू.

मामा: बारा फूट?

भाची: सोळा वीत.

मामांनी चष्मा पुसला आणि दुसऱ्या मात्रेवर करंगळी टेकवली.